लेकीला दुभाषी करू नका

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. तुम्ही पुण्यात माहितीपट शिकता. वर्गात रवांडाची एक मैत्रीण आहे आणि तिची आई १९९४च्या वंशसंहारातून वाचलेली आहे. आई एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात लेकीकडे येते आहे, तीन आठवडे राहील आणि बोलायला तयार आहे. लेक भाषांतर करेल, कॉलेजचा स्टुडिओ दोन दिवस मिळेल. सुरुवात कुठून करावी, आई रडली तर कॅमेरा बंद करावा का, आणि तेव्हाचं फुटेज कुठे मिळेल, हे तुम्हाला हवं आहे.

मी पंचवीस वर्षं माहितीपट करते आहे. पिंपरीच्या कॅम्पात राहणाऱ्या, फाळणीत घरदार सोडून आलेल्या सिंधी आज्या, सोव्हिएत हद्दपारीतून लहानपणी सुटून कोल्हापूरजवळ वळिवड्याच्या छावणीत वाढलेले पोलिश वृद्ध, आणि दोन खेपांमध्ये रवांडातल्या काही बायका, असं माझं काम आहे. तुम्ही जे विचारलंय त्याआधी जे ठरवून टाकलंय, तिथेच मला थांबवावंसं वाटतं. तारीख, दुभाषी आणि जागा, तिन्ही बदला.

आधी तारीख. ६ एप्रिल १९९४च्या रात्री किगालीजवळ राष्ट्राध्यक्ष हाब्यारिमाना यांचं विमान पाडलं गेलं आणि ७ तारखेपासून कत्तल सुरू झाली. साधारण शंभर दिवसांत संयुक्त राष्ट्रांच्या आकड्यानुसार आठ लाखांच्या आसपास, रवांडा सरकारच्या म्हणण्यानुसार दहा लाखांहून जास्त माणसं मारली गेली. बहुतेक सगळे अल्पसंख्य तुत्सी समाजाचे, आणि त्यांना वाचवू पाहणारे किंवा विरोध करणारे बहुसंख्य हुतू समाजातले काहीही. मारणारे हुतू अतिरेकी होते. दर वर्षी ७ एप्रिलपासून आठवडाभर त्या देशात शोक पाळतात. त्याला ‘क्विबुका’ म्हणतात, म्हणजे आठवणं. या आठवड्यात वाचलेल्यांची झोप उडते, काहींचा श्वास कोंडतो. तिथे या अवस्थेसाठी ‘इहाहामुका’ असा शब्द आहे आणि त्याचं मूळ फुप्फुसाशी, श्वासाशी जोडलेलं आहे. आई नेमकी याच दिवसांत परक्या शहरात येते आहे. लेकीजवळ राहावं म्हणूनच ती हे दिवस निवडून येत असेल. त्या आठवड्यात मुलाखत नको. पुण्यातले रवांडाचे विद्यार्थी एकत्र जमणार असतील आणि तुम्हाला बोलावलं तर जा, मागे बसा, कॅमेरा नेऊ नका. चित्रीकरण तिसऱ्या आठवड्यात, तेही तिची इच्छा टिकली तर.

आता दुभाष्याचं, कारण माझ्या मते सगळं यावर अवलंबून आहे. लेकीला दुभाषी करू नका. ती हुशार असेल, तिची दोन्ही भाषांवर पकड असेल, आईचा तिच्यावर जीव असेल, आणि हा जीव आहे म्हणूनच नको. आई जे बोलेल ते लेकीच्या कानावर पडायच्या आधी स्वतःच गाळून घेईल. आजी कशी गेली, मामा कुठे सापडला, लपून राहिलो तेव्हा आपण काय खाल्लं, हे तिनं लेकीला आजवर सांगितलेलं नसेल तर ते तुमच्या माइकसमोर पहिल्यांदा सांगायला लावणं हा दोघींवर अन्याय आहे. दुसरी बाजूही बघा. लेकीला ते स्वतःच्या तोंडानं, प्रथमपुरुषी एकवचनात, ‘मी’ म्हणून इंग्रजीत उच्चारावं लागेल. मी हे एकदा होऊ दिलं आहे. आई सांगत राहिली, मुलगी एका वाक्यावर अडली ती पुढे बोललीच नाही, आणि आई तिची समजूत काढत बसली. त्या दिवसानंतर मी घरातल्या माणसाला त्या खुर्चीत बसवलेलं नाही.

मग कोण? पुण्यातले रवांडाचे बाकीचे विद्यार्थी लेकीच्याच वयाचे आणि ओळखीचे, तेही अवघड. शक्यतो वयानं मोठी, या कामाची सवय असलेली बाई शोधा. ती किगालीत बसलेली असली तरी चालेल. फोनवरून तुमच्या कानात बोलेल, आईला फक्त तुमचा चेहरा दिसेल. नाव ठरवायच्या आधी आईला कळवा आणि तिनं नको म्हटलं तर कारण विचारू नका. देश लहान आहे, वस्त्या टेकड्यांवर आहेत, कोण कुठल्या टेकडीवरचं हे तिला कळतं. दुभाष्याला ‘तू हुतू की तुत्सी’ असं विचारण्याची चूक तर कधीच नको. बेल्जियन राजवटीनं १९३०च्या दशकात ओळखपत्रांवर ही नोंद सुरू केली आणि १९९४मध्ये नाक्यानाक्यावर याच कार्डावरून माणसं वेगळी काढून मारली. आज तिथल्या ओळखपत्रावर ती नोंद नाही.

भाषांतर दोनदा करून घ्या. एकदा मुलाखतीच्या वेळी, आणि नंतर दुसऱ्या माणसाकडून टेप ऐकून शब्दाला शब्द. याचं कारण सांगते. किगालीच्या दक्षिणेला बुगेसेरा भागात मी एका बाईशी बोलत होते. न्यामाताचं चर्च याच भागात आहे, तिथे आश्रयाला गेलेल्या माणसांचे कपडे आजही बाकांवर रचून ठेवलेले आहेत. ही बाई पपायरसच्या दलदलीत गळ्याइतक्या चिखलात लपून वाचली होती. दुभाषी तरुण होता, इंग्रजी उत्तम. त्यानं मला सांगितलं, ‘दिवसभर ते मारायचे आणि संध्याकाळी निघून जायचे. मग आम्ही बाहेर यायचो.’ मी ते वहीत लिहून घेतलं. पुण्यात परत आल्यावर सहा महिन्यांनी दुसऱ्या भाषांतरकाराचा कागद आला. त्यात होतं, ‘सकाळी ते कामाला यायचे. संध्याकाळी काम संपलं की जायचे.’

मी टेप पुन्हा लावली. तिनं ‘मारणं’ हे क्रियापद वापरलंच नव्हतं. किन्यारवांडा या तिथल्या भाषेत ‘गुकोरा’ म्हणजे काम करणं, आणि मारेकरी स्वतःच्या कृत्याला हाच शब्द वापरत होते. रेडिओवरूनही लोकांना ‘कामाला लागा’ असंच सांगितलं जात होतं. तरुण दुभाष्यानं अर्थ सोपा करून दिला, त्याचा हेतू चांगला होता. पण त्यात ठरलेल्या वेळा गेल्या, रोजची हजेरी गेली, शेतावर जावं तसं जाणं गेलं. उपशीर्षकात मी ‘कामाला यायचे’ हेच ठेवलं. पुण्यातल्या एका खेळानंतर एक गृहस्थ आपुलकीनं सांगायला आले की तिथे भाषांतरात चूक राहिली आहे. चूक नाही, ती असंच म्हणाली, एवढं मी त्यांना सांगितलं.

दुसरा शब्द कोयता. ‘उमुहोरो’साठी पहिल्या मसुद्यात आम्ही इंग्रजी शब्दच देवनागरीत लिहिला होता. वाचताना तो शब्द हातात येत नव्हता. रवांडात ते हत्यार घराघरात होतं, केळीची पानं छाटायला, सरपण तोडायला. आपल्याकडे तो कोयताच. संकलक म्हणाली, पुण्यात कोयता म्हटलं की पेपरातल्या बातम्या डोळ्यांसमोर येतात. ते खरं आहे. पण त्याआधी उसाच्या फडातली माणसं येतात, आणि शेतातली रोजची वस्तू शेजाऱ्याच्या हातात शेजाऱ्यावर उठली हेच त्या बाईला सांगायचं होतं. कोयता राहिला.

शब्दांचंच चाललंय तर हेही. ‘टोळीयुद्ध’ किंवा ‘यादवी’ कुठेही लिहू नका. हुतू आणि तुत्सी एकच भाषा बोलतात, एकाच टेकडीवर राहतात, एकाच चर्चमध्ये जातात. ‘हत्याकांड’ही अपुरं आहे. राफाएल लेम्किन या पोलिश ज्यू कायदेतज्ज्ञानं १९४४मध्ये या गुन्ह्याला ‘जेनोसाइड’ हे नाव दिलं. ९ डिसेंबर १९४८ला संयुक्त राष्ट्रांनी करार केला. त्याचा गाभा आकड्यात नाही, हेतूत आहे: एखाद्या राष्ट्रीय, वांशिक, वर्णीय किंवा धार्मिक समूहाला समूह म्हणून पूर्ण वा अंशतः नष्ट करण्याचा हेतू. मराठीत मी ‘वंशसंहार’ लिहिते. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेनं २०१८पासून ७ एप्रिलच्या स्मरणदिनाच्या नावात तुत्सींचा स्पष्ट उल्लेख केला आहे, तुम्हीही करा.

जागा. स्टुडिओ नको. काळ्या पडद्यासमोर, तोंडावर दिवा, समोर अनोळखी चार माणसं, ही चौकशीची खोली झाली. लेकीच्या भाड्याच्या फ्लॅटमध्ये करा, पण लेक त्या वेळी घराबाहेर असावी. खिडकीचा उजेड पुरतो. आईची खुर्ची अशी ठेवा की तिला दार दिसेल आणि दाराकडे जायची वाट मोकळी राहील. कॅमेरा एकाच अंतरावर, कमरेपासून वर. फ्रिज आणि पंखा बंद करा. एप्रिलमध्ये पुण्यात हे जड जाईल, म्हणून सकाळी आठला सुरू करून साडेदहाला थांबा. कुकरच्या शिट्ट्या नि भंगारवाल्याचा आवाज येईल तो येऊ द्या.

शिट्टीवरून आठवलं ते महत्त्वाचं आहे. वाचलेल्या एक बाई एकदा माझ्याकडे पाहुण्या म्हणून राहिल्या होत्या. रात्री सोसायटीचा वॉचमन नेहमीप्रमाणे शिट्टी वाजवत फिरला. सकाळी बघितलं तर त्या बूट घालून, पिशवी मांडीवर घेऊन, भिंतीला टेकून बसलेल्या. १९९४मध्ये मारेकऱ्यांचे जथे शिट्ट्या वाजवत येत असत. मी ते वाचलेलं होतं आणि तरी वॉचमनला सांगायचं मला सुचलं नाही. तुम्ही सांगा. गल्लीतल्या कुत्र्यांचंही बघा. त्या दिवसांत रस्त्यावर प्रेतं पडलेली होती आणि कुत्री मोकाट होती, त्यामुळे कित्येकांना आजही कुत्रं जवळ आलेलं सहन होत नाही. तिसऱ्या आठवड्यात चौदा तारीख होऊन गेलेली असेल, पण जयंतीचे ढोल आणि फटाके त्याआधीच सुरू होतात. हे काय आहे, आनंदाचं आहे, हे तिला आधी सांगून ठेवा.

सुरुवात कुठून? १९९४च्या आधीपासून, आणि घाई न करता. हे मी एका टेपच्या बदल्यात शिकले. पिंपरीत एका सिंधी आजींकडे गेले होते, तेव्हा मिनी-डीव्हीच्या साठ मिनिटांच्या टेपा असायच्या आणि माझ्याकडे तीनच होत्या. आजी शिवणयंत्राबद्दल बोलत होत्या. त्यांच्या आईचं यंत्र, त्याच्या चाकाचा आवाज, शेजारची बाई ईदचे कपडे शिवून घ्यायला कशी यायची. मला फाळणीच्या वेळच्या गाडीतल्या प्रवासाचं हवं होतं, म्हणून मी दोनदा टेप थांबवली. चित्रपट झाला, गाडीचा प्रसंग त्यात आहे. पण शेजारची बाई त्यात नाही, आणि काय मोडलं हे त्या बाईवाचून कळतच नाही. आजी गेल्या. ती टेप मला आता मिळणार नाही.

म्हणून विचारा: घर कुठल्या टेकडीवर होतं, गाई किती होत्या, त्यांची नावं काय होती. शाळेत तुत्सी मुलांना उभं करून मोजत असत, तर पहिल्यांदा उभं राहायला सांगितलं तेव्हा ती कितवीत होती, शेजारी कोण बसायचं. तारखा विचारू नका. तिला पाऊस आठवेल, तिथे मार्च ते मे मोठा पाऊस असतो. दाण्याचं पीक कुठवर आलं होतं ते आठवेल. तिच्या आणि छापील इतिहासाच्या तारखा जुळल्या नाहीत तर मुलाखतीत तिला दुरुस्त करू नका. पडताळणी नंतर तुमची तुम्ही करा, आणि ती अवश्य करा. वंशसंहार झालाच नाही म्हणणारे लोक एका चुकीच्या गावाच्या नावावरून तिची अख्खी साक्ष खोटी ठरवायला बसलेले असतात.

बायकांवरच्या अत्याचारांबद्दल तुम्ही होऊन विचारू नका. रवांडासाठी नेमलेल्या आंतरराष्ट्रीय न्यायाधिकरणानं २ सप्टेंबर १९९८ला ताबा गावच्या माजी महापौराला, आकायेसूला, दोषी ठरवताना बलात्कार हाही वंशसंहाराचा भाग असू शकतो हे पहिल्यांदा मान्य केलं, ते तिथल्या बायकांनी टांझानियातल्या आरुशाला, न्यायाधिकरणापुढे जाऊन साक्ष दिली म्हणून. ती साक्ष न्यायालयात द्यायची होती. तुमच्या अभ्यासक्रमाच्या चित्रपटासाठी ती मागण्याचा अधिकार कोणालाच नाही. तिनं स्वतः सांगितलं तर ऐका, आणि ते ठेवायचं की नाही हे पुन्हा वेगळं विचारा. अशा अत्याचारांतून वाचलेल्यांशी कसं बोलावं याचे नियम सांगणारा, २०२२मध्ये जाहीर झालेला मुराद कोड वाचून काढा, हे सगळं त्यात नीट मांडलेलं आहे. नादिया मुराद या इराकमधल्या याझिदी या अल्पसंख्य समाजातल्या. २०१४मध्ये त्यांच्या सिंजार भागावर ‘इसिस’चा हल्ला झाल्यावर सुटून आलेल्या बायकांना एकामागून एक पत्रकारांनी तेच ते प्रश्न विचारले, त्या अनुभवातून तो आलेला आहे.

ती रडली तर? तुमच्या मनानं कॅमेरा बंद करू नका. तिनं रडणं हे काही बिघडल्याचं लक्षण नाही, आणि घाईनं बटण दाबलंत तर तिला वाटेल आपण काहीतरी गैर केलं. आधीच ठरवा: हात असा वर केला की बंद. ती करेल. तोवर गप्प बसा, कॅमेरा जवळ नेऊ नका, पाणी तिच्या हाताला लागेल असं आधीच ठेवलेलं असू द्या. पण रडणं वेगळं आणि तिथे परत जाणं वेगळं. नजर एका जागी खिळली, श्वास तोकडा झाला, ती ‘होते’ऐवजी ‘आहेत’ म्हणू लागली, ‘ते येताहेत’ असं बोलू लागली, की मुलाखत संपली. तिचं नाव घेऊन सावकाश बोला, पायाखालची फरशी, खिडकीबाहेरचा आवाज, पुणे, आजचा वार. अशा वेळी कोणाला फोन करायचा, तो समुपदेशक आधी ठरलेला हवा. आणि रोजची शेवटची वीस मिनिटं आजची असू द्यात: कामाबद्दल, चर्चमधल्या गाण्याबद्दल, लेकीच्या पदवीबद्दल.

फुटेजबद्दल तुमची निराशा होईल. प्रत्यक्ष कत्तलीचं चित्रण अगदी थोडं आहे. एका ब्रिटिश कॅमेरामननं किगालीतल्या शाळेच्या इमारतीवरून दुरून टिपलेलं दृश्य हे त्यांतलं एक. मग लोक काय करतात, तर जुलै १९९४चं गोमाचं फुटेज लावतात: लाव्हाच्या काळ्या जमिनीवर लाखो निर्वासित, पटकीनं मेलेल्यांच्या रांगा. बघणाऱ्याला वाटतं हेच वंशसंहाराचे बळी. ते सीमा ओलांडून तेव्हाच्या झाईरमध्ये गेलेले प्रामुख्यानं हुतू निर्वासित होते, आणि त्यांच्या गर्दीत मारेकरीही होते. वाचलेल्या बाईच्या आवाजाखाली ते चित्र लावणं म्हणजे तिची साक्ष खोटी करणं. चित्र नसेल तर नसू द्या. कंबोडियाचे दिग्दर्शक रिथी पान्ह यांचं लहानपण ख्मेर रूजच्या राजवटीत होरपळलं, घरची माणसं गेली. चित्रं उरलीच नव्हती, म्हणून २०१३च्या चित्रपटात त्यांनी मातीच्या लहान बाहुल्या घडवून ते दिवस मांडले. तुम्ही बाहुल्या करा असं मी म्हणत नाही. तिचे हात, खिडकी आणि तिचा आवाज पुरेल.

पैसे: साक्षीचे देऊ नका, पण रिक्षा, जेवण, दुभाष्याचं मानधन तुमच्याकडून. संमतीचा कागद मुलाखतीआधी पुढे करू नका, आपण काय बोलणार आहोत हे तेव्हा तिला तरी कुठे माहीत असतं? संमती तिच्या भाषेत, कॅमेऱ्यावर, तीनदा घ्या. मुलाखत संपल्यावर, कच्चं संकलन पाहिल्यावर, आणि खेळाच्या आधी. प्रत्येक वेळी ‘नाही’ म्हणायची सोय खरी हवी. वर्गातला चित्रपट यूट्यूबवर टाकायचा तर ती चौथी संमती. तिनं मारेकऱ्यांची नावं घेतली तर थांबून विचार करा. गचाचा या गावन्यायालयांत जवळजवळ वीस लाख खटले चालले, २०१२मध्ये ती बंद झाली, आणि शिक्षा भोगून सुटलेली माणसं आज त्याच टेकडीवर तिची शेजारी आहेत. तुम्ही पुण्यात टाळ्या घ्याल, ती परत तिथे जाणार आहे. मूळ फाइल्स दोन कुलूपबंद हार्ड डिस्कवर ठेवा, व्हॉट्सअ‍ॅपवरून पाठवू नका, आणि पूर्ण न कापलेल्या मुलाखतीची एक प्रत आईला द्या. लेकीला कधी आणि किती दाखवायची हे तिचं ती बघेल.

तोवर पहिले दोन आठवडे कॅमेरा बाहेर काढू नका. तिला मंडईत घेऊन जा. राजमा, रताळी, कच्ची केळी दिसली की ती थांबेल, तिच्या घरचं जेवण यातलंच असतं. त्या दोघींनी रांधलं आणि जेवायला थांब म्हटलं तर थांबा. दुभाषी ठरली की कळवा. माझ्याकडे कॉलर माइकचे दोन जोड आहेत, त्यांची तार लांब आहे, तिला उठून खिडकीपर्यंत जाता येईल.